आडनाव पाटील आणि धर्म जैन, हे कसं काय?



मागच्या जानेवारीत आम्ही दोघं वडोदऱ्याला मुलाकडे गेलो होतो. नात पाचवीत आहे. एके दिवशी शाळेतून आली ती तोंड फुगवूनच. दप्तर कोपऱ्यात टाकलं आणि थेट माझ्यापुढं येऊन उभी राहिली. "आज्जा, आपण खरे जैन नाही का?"

वर्गातल्या मैत्रिणीनं तिला सांगितलं होतं की जैनांचं आडनाव शाह असतं, मेहता असतं, नाहीतर सरळ जैनच असतं. पाटील कसं असेल? आणि आज्जांची गावाला शेती आहे म्हणालीस, जैन कुठं शेती करतात होय?

सूनबाई हसल्या. मला हसू आलं नाही. कारण हाच प्रश्न मला १९८७ साली, बँकेनं गुजरातेत बदली केली तेव्हा, जेवणाच्या सुट्टीत विचारला गेला होता. मी तेव्हा कायतरी गुळमुळीत बोललो आणि डबा बंद केला. आता तोच प्रश्न तिसऱ्या पिढीपुढं आला होता. तिला म्हटलं, "मला थोडे दिवस दे, नीट बघून सांगतो." थोडे दिवस म्हणता म्हणता सहा महिने गेले. जे वाचलं, बघितलं, विचारलं ते इथं मांडतो. मी कॉमर्सचा माणूस, संस्कृत शाळेपुरतंच. त्यामुळं सोप्या भाषेतच लिहिणार.

गावाकडं आल्यावर पहिलं काम केलं ते जुनी ट्रंक उघडण्याचं. तीत तीन पिढ्यांचे नसले तरी तीन शाळांचे दाखले आहेत. आप्पांच्या दाखल्यावर लिहिलंय, 'जैन चतुर्थ'. माझ्यावर, 'हिंदू जैन'. मुलाच्या दाखल्यावर नुसतं 'जैन'. घर एकच, बस्ती एकच, देवळातल्या घंटेचा दोरसुद्धा तोच. रकान्यात मात्र तीन नावं! बँकेत असतो तर तिन्ही कागद परत पाठवले असते, नावात फरक आहे, खुलासा जोडा म्हणून.

तर हा घ्या खुलासा.

शब्द सोपा आहे. संस्कृतात 'जि' हा धातू, अर्थ जिंकणे. जय, विजय, जेता हे सगळे त्याच घरचे. त्यावरून 'जिन', म्हणजे ज्यानं जिंकलं तो. काय जिंकलं? राज्य नव्हे, शत्रू नव्हे. राग, लोभ, मोह, अहंकार, म्हणजे स्वतःचंच मन. त्या जिनाचा जो, तो जैन. शिवाचा तो शैव, विष्णूचा तो वैष्णव, बुद्धाचा तो बौद्ध, त्याच चालीनं जिनाचा तो जैन. आपण रोज 'जय जिनेंद्र' म्हणतो त्यातही हा धातू दोनदा आहे, 'जय'मध्ये एकदा आणि 'जिन'मध्ये एकदा. आयुष्यभर म्हणत आलो, लक्षात आलं सत्तरी उलटल्यावर.

यातली एक गोष्ट नीट समजून घ्यावी अशी आहे. शिव, विष्णू ही देवांची नावं. जिन हे कुणा एकाचं नाव नाही, ती अवस्था आहे. आपल्या परंपरेत तीर्थंकर चोवीस. पहिले ऋषभदेव, तेविसावे पार्श्वनाथ, चोविसावे महावीर. हे सगळेच जिन. म्हणून 'जैन' याचा अर्थ फक्त महावीरांचे अनुयायी असा होत नाही. आमच्या शाळेत शिकवायचे की महावीर हे जैन धर्माचे संस्थापक. परंपरेच्या हिशेबानं ते शेवटचे आहेत, पहिले नव्हेत. शब्दाचा अर्थ कळला असता तर ही चूक गुरुजींकडूनही झाली नसती.

आता गंमत पुढं आहे. महावीरांच्या काळात त्यांच्या लोकांना जैन म्हणत नव्हते!

मग काय म्हणत? 'निर्ग्रंथ'. प्राकृतात निग्गंथ, पालीत निगंठ. हा शब्द वाचल्यावर वाटतं, ज्यांच्याकडं ग्रंथ नाहीत ते. तसं नाही. ग्रंथ म्हणजे मुळात गाठ, बांधणं. ज्यानं सगळ्या गाठी सोडल्या, घराची, पैशाची, माझं-तुझं करण्याची, तो निर्ग्रंथ. बौद्धांच्या पाली ग्रंथांत महावीरांचा उल्लेख 'निगंठ नातपुत्त' असा येतो. नात म्हणजे त्यांचं ज्ञातृ कुळ, त्या कुळाचा पुत्र तो नातपुत्त. सम्राट अशोकाचा एक स्तंभ फिरोजशहा तुघलकानं दिल्लीला आणून उभा केला, तो कोटल्यात अजून आहे. त्यावरच्या सातव्या लेखात अशोक सांगतो की माझे अधिकारी सगळ्या पंथांकडे लक्ष देतात. त्यात ब्राह्मण आहेत, आजीविक आहेत आणि निगंठही आहेत. म्हणजे इसवी सनापूर्वी तिसऱ्या शतकात सरकारी दप्तरात आपलं नाव होतं. फक्त ते 'जैन' नव्हतं.

आणि 'जिन' हा शब्दही तेव्हा एकट्या कुणाच्या मालकीचा नव्हता. अमरकोशात बुद्धाची नावं दिलीत, त्यात 'जिन' आहे. 'अरहंत'चंही तेच. आपण णमोकार मंत्राची सुरुवात अरहंतांना नमस्कार करून करतो, बौद्धही अर्हत म्हणतात. लोणावळ्याजवळ मावळात पाले म्हणून गाव आहे. तिथल्या गुहेतला प्राकृत लेख 'नमो अरहंतानं' अशा नमस्कारानं सुरू होतो. तो महाराष्ट्रातला फार जुना जैन लेख मानतात, ते त्या नमस्काराच्या धाटणीवरून. त्या काळी शब्द सामाईक होते, एका अंगणात दोन घरं असावीत तसे. पुढं आपल्या देशात बौद्ध धर्म मागं पडत गेला आणि 'जिन' हे नाव एकाच घराकडं राहिलं, असं मला वाटतं.

आता आपल्या भागाकडं येतो. बेळगावकर मंडळींना खानापूर तालुक्यातलं हलशी माहीत असतं ते भूवराह नरसिंहाच्या देवळामुळं. त्या हलशीचं जुनं नाव पलाशिका. पाचव्या शतकात ते कदंब राजांचं मोठं ठाणं होतं. तिथं एकोणिसाव्या शतकात ताम्रपट सापडले आणि फ्लीटसाहेबांनी ते वाचून छापले. त्यातल्या एकात राजा मृगेशवर्मा सांगतो की त्यानं आपल्या वारलेल्या वडिलांसाठी पलाशिकेत जिनालय बांधलं आणि ३३ निवर्तनं जमीन दान दिली. कुणाला? यापनीय, निर्ग्रंथ आणि कूर्चक यांना. त्याच राजाच्या देवगिरीच्या (हे हावेरी भागातलं, आपल्या दौलताबादचं नव्हे) ताम्रपटात 'श्वेतपट महाश्रमणसंघ' आणि 'निर्ग्रंथ महाश्रमणसंघ' अशी दोन वेगळी नावं आहेत. श्वेतपट म्हणजे आजचे श्वेतांबर आणि निर्ग्रंथ म्हणजे आपले दिगंबर.

मी हलशीला तीनदा तरी जाऊन आलोय. देऊळ बघायचं, डबा खायचा, परत यायचं. ज्या मातीवर बसून भाकरी खाल्ली, तिथं दीड हजार वर्षांपूर्वी आपल्या साधूंना जमीन मिळाली होती, हे कुणी सांगितलं नाही आणि आपणही विचारलं नाही.

त्या ताम्रपटांत लक्ष देण्यासारखी गोष्ट अशी. देऊळ जिनाचं, पण माणसांची नावं वेगवेगळी. आणि ती सगळी साधूंच्या संघांची. शेतात राबणाऱ्या, दुकान चालवणाऱ्या संसारी माणसाला काय म्हणायचे? तर 'श्रावक', बाईला 'श्राविका'. श्रु म्हणजे ऐकणे. मुनींचं ऐकणारा तो श्रावक. आजही आपल्या बस्तीत पंडित 'समस्त श्रावक-श्राविका' अशीच हाक मारतात. उत्तरेत याचंच 'सरावगी' झालं. बंगाल-झारखंडात 'सराक' नावाचा समाज आहे, तेही मूळ श्रावकच. बघा, जैन शब्द बाजूला ठेवला तरी या एका शब्दाच्या धाग्यानं बेळगावचा शेतकरी आणि झारखंडचा सराक बांधलेला आहे.

मग 'जैन' हे सगळ्यांचं नाव कधी झालं? एका दिवसात झालं नाही. जुन्या आगमांत जिनांचं वचन, जिनांचं शासन अशी भाषा आहे. ६३४ साली ऐहोळेला रवीकीर्तीनं बांधलेलं देऊळ हे जिनेंद्राचं. पुलकेशीची कीर्ती सांगणारा प्रसिद्ध शिलालेख याच देवळावर आहे आणि त्यातच ९९ हजार गावांच्या तीन महाराष्ट्रकांचा उल्लेख आहे. म्हणजे 'महाराष्ट्र' या नावाचा एक फार जुना कोरीव पुरावा जैन देवळाच्या भिंतीवर आहे. श्रवणबेळगोळला बाहुबलींच्या पायाशी कोरलेली मराठी ओळ, जी कित्येक वर्षं मराठीतला पहिला शिलालेख म्हणून शिकवली गेली, तीही आपल्याच क्षेत्रावर. आपल्याला कुणी विचारलं की जैन आणि मराठी हे कसं, तर या दोन जागा सांगाव्यात.

चौदाव्या शतकातला माधवाचार्यांचा 'सर्वदर्शनसंग्रह' घेतला तर त्यात आपल्या मताच्या प्रकरणाचं नाव आहे 'आर्हत दर्शन'. म्हणजे पंडितांच्या लिखाणात अजून जुनं नाव चालू होतं. पण त्याच शतकातला एक शिलालेख बघा. १३६८ साली विजयनगरच्या बुक्करायाकडं तंटा गेला, जैन आणि वैष्णव यांच्यात. देवळातल्या वाद्यांचा, कलशाचा मान कुणाला, असा वाद. राजानं निवाडा दिला की वैष्णव दर्शन आणि जैन दर्शन यांत भेद नाही. आणि जैनांचा हात वैष्णवांच्या हातात दिला. तो लेख श्रवणबेळगोळला आहे. त्यात 'जैन' हा शब्द एका समाजाचं नाव म्हणून स्वच्छ येतो. साधू आले, संसारी आले, सगळे आले. राजाच्या दरबारात दाद मागायची तर सगळ्यांना मिळून एक नाव लागतंच. सोसायटी रजिस्टर करताना लागतं ना, तसंच.

हे झालं आपल्या देशातलं. पुढं इंग्रज आले आणि नावाचा खरा घोळ झाला. युरोपातल्या काही मोठ्या पंडितांनी ठरवून टाकलं की जैन म्हणजे बौद्ध धर्माची फांदी. दोघांचे बरेच शब्द सारखे, मूर्ती सारख्या दिसतात, आणि जुन्या बौद्ध ग्रंथांत 'जैन' हे नाव कुठंच सापडत नाही. नाव नाही म्हणजे माणूसच नव्हता, असा हिशेब! तो हिशेब चुकीचा ठरवला जर्मन पंडित हर्मन याकोबी यांनी. १८८४ साली त्यांनी आचारांग आणि कल्पसूत्राचं इंग्रजी भाषांतर छापलं आणि प्रस्तावनेत दाखवून दिलं की पाली ग्रंथांतला निगंठ नातपुत्त म्हणजेच महावीर. बौद्धच ज्यांना आपले प्रतिस्पर्धी म्हणतात ते त्यांची फांदी कसे असतील?

मी बँकेत चौतीस वर्षं काढली. लग्नानंतर बाईचं नाव बदलतं, फर्मचं नाव बदलतं. आम्ही नवीन नावाची नोंद घ्यायचो आणि मागली बाकी पुढं ओढायचो. नाव नवं म्हणून जुनी शिल्लक शून्य करायची नसते. याकोबींनी हेच केलं. 'जैन' या नावाखाली नवीन वाटणारं खातं 'निगंठ' या नावानं फार आधीपासून चालू होतं, एवढं त्यांनी लेजर उलटून दाखवलं.

त्याच सुमाराला, १८८१ च्या शिरगणतीत, जैनांची वेगळी मोजदाद झाली. आकडा सुमारे १२ लाख. रकाना आला की नाव घट्ट होतं. उत्तरेत बऱ्याच घरांनी गोत्राचं नाव मागं ठेवून 'जैन' हेच आडनाव लावलं. आपल्या भागात तसं झालं नाही. आपली आडनावं वतनाची, कामाची. पाटील, चौगुले, मगदूम, उपाध्ये. धर्म पुजेत, संध्याकाळी दिवेलागणीआधी उरकलेल्या जेवणात आणि पाणी गाळायच्या फडक्यात. आडनावात नाही. म्हणून बाहेरच्याला पत्ता लागत नाही.

पण आपल्याकडं जाग नव्हती असं नाही. १८९९ साली निपाणीजवळच्या स्तवनिधी क्षेत्रावर दक्षिण महाराष्ट्र जैन सभा स्थापन झाली. तिचं मराठी मुखपत्र 'प्रगति आणि जिनविजय' माझ्या आज्जांच्या वेळेपासून आमच्याकडं यायचं. शेतकरी जैनांच्या मुलांसाठी बोर्डिंगं निघाली, त्यातून माणसं शिकली. कुंभोजचे कर्मवीर भाऊराव पाटील आपल्याच समाजातले. १९१९ साली त्यांनी रयत शिक्षण संस्था काढली, ती सगळ्या जातींच्या मुलांसाठी. विसाव्या शतकात दिगंबर मुनीपरंपरा पुन्हा उभी करणारे आचार्य शांतिसागर आपल्या चिकोडीकडच्या भोजचे. आणि प्राकृताचे जगप्रसिद्ध पंडित डॉ. आ. ने. उपाध्ये सदलग्याचे. हलशीच्या ताम्रपटातल्या त्या यापनीय संघावर त्यांनी अभ्यास केला. या तिघांपैकी कुणाचंही आडनाव शाह नाही आणि कुणाच्याही घरी सोन्याचांदीचं दुकान नव्हतं.

२०११ च्या जनगणनेत देशात जैन ४४.५ लाख. त्यातले १४ लाख महाराष्ट्रात, म्हणजे सगळ्या राज्यांत जास्त. कर्नाटकात सुमारे ४.४ लाख. यात ओसवाल आहेत, पोरवाल आहेत, सैतवाल आहेत, कासार आहेत, पंचम आहेत, चतुर्थ आहेत. व्यापारी आहेत तसेच ऊस आणि शाळू पिकवणारेही आहेत. जानेवारी २०१४ मध्ये केंद्र सरकारनं जैनांना अल्पसंख्याक म्हणून मान्यता दिली. तेव्हापासून रकान्यात काय लिहायचं याची चर्चा आपल्या घराघरांत जास्त होते. माझ्या 'हिंदू जैन' दाखल्यावरून मुलाशी माझं एकदा वाजलंही होतं. तो म्हणाला, बाबा, एक काहीतरी ठरवा. मी म्हटलं, दाखला मी लिहिला नाही, हेडमास्तरांनी लिहिला. तेव्हाच्या हेडमास्तरांना त्यात काही वावगं वाटलं नाही, आप्पांनाही वाटलं नाही. आप्पांच्या वेळी पोटजातीचं नाव महत्त्वाचं होतं, म्हणून 'चतुर्थ'. माझ्या वेळी शेजाऱ्यापाजाऱ्यांबरोबरचं नातं, म्हणून 'हिंदू'. मुलाच्या वेळी स्वतंत्र ओळख. तिन्ही कागदांवर एक शब्द कायम आहे, तो जैन. हे मला इतक्या वर्षांत दिसलं नव्हतं. मी आपला फरकच बघत बसलो होतो.

गेल्या महिन्यात नात सुट्टीला बेळगावला आली. तिला किल्ल्यातल्या कमल बस्तीत घेऊन गेलो. १२०४ साली रट्ट राजा कार्तवीर्य चौथा याच्या बिचिराज नावाच्या मंत्र्यानं बांधलेली. छतातलं दगडी कमळ बघत ती मान वर करून बराच वेळ उभी राहिली. बाहेर पायरीवर बसून तिला हे सगळं थोडक्यात सांगितलं. निगंठ सांगितलं, हलशी सांगितली, दाखले सांगितले. जिन म्हणजे जिंकलेला हेही सांगितलं.

ती म्हणाली, "मग आपण काय जिंकलं, आज्जा?"

खरं सांगायचं तर मी अडखळलो. आयुष्यभर प्रमोशनसाठी धावलो, भावाशी बांधावरून अकरा वर्षं बोललो नाही, राग तर अजून नाकावर आहे. कसलं जिंकणं! म्हटलं, "बाळ, आपण काही जिंकलेलं नाही. जिंकले ते जिन. आपण त्यांचं ऐकायचा प्रयत्न करणारे. म्हणून आपलं जुनं नाव श्रावक."

"पण मी तर कुणाचंच ऐकत नाही, आई म्हणते."

दोघंही हसलो. उठताना तिनं विचारलं, मैत्रिणीला काय सांगू? मी म्हटलं, सांग की जैन हे आडनाव नव्हे आणि धंदाही नव्हे. आडनाव पाटील असलं तरी चालतं. एवढं पुरे. बाकीचं ती मोठी झाल्यावर हा लेख वाचेल.

घरी आल्यावर भावाला फोन केला. बांधाचं काही बोललो नाही. तब्येत विचारली, पाऊस विचारला. त्यानंही विचारलं.

मंडळी, इंदूर, ग्वाल्हेर, हैदराबाद, वडोदरा, गोवा, जिथं असाल तिथून एक सांगा. तुमच्या घरातल्या जुन्या दाखल्यांवर धर्माच्या, जातीच्या रकान्यात काय लिहिलंय? जैन असा किंवा नसा. आज्जा-पणजोबांचे कागद काढून बघा आणि खाली लिहा. वाळवी लागायच्या आधी बघा, म्हणजे झालं.

जय जिनेंद्र.